खालची खोली

ग्वाल्हेरात कोणालाही सांगा की माझी थीसिस इंटरलॉकिंगवर आहे, समोरचा आधी रस्त्याकडे बघतो. इथे इंटरलॉकिंग म्हणजे गल्लीत बसवतात ते लाल-करडे सिमेंटचे ठोकळे, बस. आमच्या समोरच्या आंटी तर म्हणाल्या होत्या, "बढ़िया है बेटा, हमारे दरवाज़े तक भी लगवा दो. यहाँ आते-आते इनके ब्लॉक ही ख़तम हो जाते हैं."

मी आर्किटेक्चरच्या शेवटच्या वर्षाला आहे, आणि मला ठोकळ्यांबद्दल नाही, जागांबद्दल बोलायचं होतं. दोन हातांची बोटं एकमेकांत अडकवून बघा. आता सांगा, दोन हातांच्या मधली रेघ कुठे आहे? सरळ रेघ मारताच येत नाही. कुठेही मारली तरी कोणाचं तरी बोट कापलं जातं. घरंही अशी बांधता येतात, एकाची खोली दुसऱ्याच्या पोटात, दुसऱ्याची पहिल्याच्या डोक्यावर. आमचे सर वर्गात म्हणाले होते, "जो हिस्सा दोनों का है, उसको ध्यान से देखो. मज़ा भी वहीं है और झगड़ा भी." सगळे हसले. मी सगळ्यात जास्त हसले, कारण उदाहरण शोधायला मला कुठे जायचंच नव्हतं. मी त्यातच राहत होते.

आमचं घर म्हणजे खरं तर दोन घरं, एक आमचं, एक काकांचं. बाबा मोठे, काका धाकटे. हजीरा चौकाच्या मागे एक अरुंद उताराचा प्लॉट दोघांनी मिळून घेतला, मी जन्मायच्या कितीतरी आधी. मधोमध भिंत घातली असती तर दोघांनाही नुसती बोळासारखी पट्टी मिळाली असती. मग बाबांच्या ऑफिसातल्या एका ओव्हरसियरने डोकं लावलं. वरच्या मजल्यावर आमची एक खोली काकांच्या हॉलवर सरकवली, आणि उताराचा फायदा घेऊन काकांची एक खोली आमच्या स्वयंपाकघराच्या खाली घातली, अर्धी जमिनीत. म्हणजे आमच्या स्वयंपाकघराची फरशी हे काकांच्या त्या खोलीचं छत. खोलीत उतरायचं काकांच्या हॉलमधून, पण तिचा झरोका उघडायचा आमच्या अंगणात, आमच्या पायांजवळ.

तिला सगळे खालची खोली म्हणायचे. ग्वाल्हेरची लू ज्यांनी खाल्लीये त्यांना सांगायला नको की अशी खोली म्हणजे काय चीज असते. बाहेर माणूस भाजतोय, आणि तिथे माठात बसल्यासारखं. काकांनी तीस-बत्तीस वर्षांत कूलर घेतलाच नाही. दुपारी जेवले की कानातलं मशीन काढून ठेवायचे (त्यांना त्याशिवाय काहीच ऐकू येत नाही), आणि खाली चटईवर आडवे. चहाच्या वेळी आई अंगणात वाकून झरोक्यातून कप आत धरायची, खालून एक हात यायचा आणि कप घेऊन जायचा. लहानपणी मला वाटायचं प्रत्येकाच्या घरात असा जमिनीतून हात येतो.

त्यामुळे आमच्या घरात दिवसातून कितीदा तरी एकच प्रश्न आणि एकच उत्तर. भाऊजी कुठेत? खालीये. अरे धाकटा कुठे गेला? खालीये. फोनवर, गेटवर, कपडे वाळत घालताना. खाली आहे म्हणायला कोणाला वेळ आहे, खालीये.

आता एक गोष्ट सांगते, कारण पुढे सगळं त्याच्यावरच आहे. आपल्या मराठीत खाली म्हणजे तळाला. हिंदीत खाली म्हणजे रिकामं. हे सगळ्यांना माहीत असतं, यावर जोक असतात. पण आमच्याकडचे लोक "है" पूर्ण म्हणत नाहीत, "ऐ" म्हणतात. "कमरा खाली ऐ." आणि आमचं "खालीये." दोन्ही जोरात म्हणून बघा.

काकांची मुलगी, माझी ताई, लग्न होऊन पुण्याला आहे. ती आली की आमची फिरकी घ्यायची. "तुम्ही मराठी बोलता, की हिंदीला मराठीची उशीची खोळ घालता?" काका म्हणायचे, "खोळ आपली आहे ना, मग झालं."

काका शाळेत ड्रॉइंग शिकवायचे. मला सेक्शन काढायला त्यांनीच शिकवलं, कॉलेजच्या आधी. सेक्शन म्हणजे घर सुरीने उभं कापलं तर आत काय दिसेल ते. मी उत्साहात खोल्याच खोल्या काढायचे आणि ते पेन्सिलने टकटक करायचे, "माणूस कुठेय? माणूस काढ एक. नाहीतर कसं कळणार खोली केवढीये?"

काकू गेल्या, त्याला बरीच वर्षं झाली. ताई मागे लागली होती की पुण्याला या. मागच्या हिवाळ्यात काका पडले, फार लागलं नाही, पण घाबरले. म्हणाले, जातो. आपलं अर्धं घर विकतो आणि जातो.

गिऱ्हाईक पटकन मिळालं, जवळचेच एक दुकानदार. ते आले, सगळीकडे फिरले, आमच्या वरच्या खोलीखाली उभे राहिले, खालच्या खोलीत उतरून वर बघितलं आणि म्हणाले, "भाईसाब, ये जलेबी मुझे नहीं चाहिए. मुझे सीधी दीवार दो."

बाबा घरी आले, चप्पल काढली. मग म्हणाले, "जलेबी कोणाला म्हणतो तो?"

भांडण झालं ते बाहेर चौथऱ्यावर झालं, आणि हिंदीत झालं. आमच्याकडे भांडण तापलं की मराठी सुटते. बाबांचं म्हणणं होतं की हे घर कापता येत नाही, कापलं तर दोन्ही मोडेल. काका म्हणाले, तू मला मरेपर्यंत इथे अडकवून ठेवणार का? आणि बाबा ओरडले, सगळी गल्ली ऐकत होती, "तो तोड़ दे. गिरेगा तो किसी एक के सिर पे ही गिरेगा, लिख के रख ले."

बाबांचं असंच आहे. गिरेगा, मरेगा, देख लेना, आणि संध्याकाळी स्वतःच काकांसाठी डाळ भरलेली गरम बेडई घेऊन येतात. त्या दिवशीही घेऊन आले. पण बेडई गल्लीने बघितली नाही.

शेवटी ठरलं असं: आमची वरची खोली गिऱ्हाइकाला जाईल, आणि त्याबदल्यात खालची खोली आम्हाला. पण आम्ही तिचं काय करणार, उतरायचा रस्ताच पलीकडून. मग ठेकेदाराने तोडगा काढला. नवी सीधी दीवार आमच्या स्वयंपाकघराला चाटून जाणार होती, तिथली फरशी तोडावीच लागणार होती. तो म्हणाला, "मलबा बाहर काहे को फेंकें? फ़र्श तोड़ेंगे, नीचे ही भर देंगे. कमरा भी बंद, झंझट भी ख़तम." सगळ्यांना पटलं. मलाही पटलं, साधी गोष्ट होती. आधी जुनी भिंत पाडायची आणि दुसऱ्या दिवशी फरशी, असं तो बाबांना बोलला होता.

एप्रिल संपत आला होता. काकांचं सगळं सामान आमच्या हॉलमध्ये आलं होतं, खालची खोली मोकळी केली होती. फक्त चटई काकांनी ठेवली होती. आई म्हणाली, "भाऊजी, आज इथेच पंख्याखाली पडा ना." काका म्हणाले, "वहिनी, उद्या भरूनच टाकणारेत. आज पडतो तिथे." घणांची ठोक-ठोक चालूच होती, त्यांनी मशीन कानातून काढलं, शर्टाच्या खिशात ठेवलं आणि गेले. बाबांनी त्यांना जाताना बघितलं. मीही बघितलं.

भिंत ठेकेदाराच्या अंदाजापेक्षा लवकर पडली. मजूर हातात होते, दिवस हातात होता, मग त्याने ठरवलं की फरशी आजच घेऊ.

मी अंगणात होते, मोबाईलवर फोटो काढत होते, थीसिससाठी, खरंच. बाबा जिन्यावर, हातात आमचे डबे, पाठ स्वयंपाकघराकडे. आई हॉलच्या दारात, हातात चहाचा कप. ठेकेदार आत स्वयंपाकघरात, मला दिसत नव्हता.

आईने विचारलं, "भाऊजी कुठेत?"

आतून ठेकेदाराने विचारलं, "नीचे वाला खाली ऐ ना?"

बाबा म्हणाले, "खालीये."

दोन प्रश्न, एक उत्तर. कोणता प्रश्न आधी आणि कोणता नंतर, मला सांगता येत नाही. मी मनात इतक्यांदा ते वाजवून बघितलंय की आता मला जसं हवं तसं ऐकू येतं. कधी आई आधी, कधी तो आधी, कधी दोघं एकदम.

मग घण पडले. आधीसारखेच पडले, काही वेगळं वाटलं नाही. आई झरोक्याजवळ कप घेऊन वाकली, आणि झरोक्यातून हात आला नाही, धूळ आली. पांढरी, भसकन, तिच्या तोंडावर. तिच्या हातातला कप तसाच होता. ती बाबांकडे बघत म्हणाली, "अहो, भाऊजी खाली आहेत ना?" आणि मग मी बाबांना डबे टाकताना बघितलं.

काढायला वेळ लागला. बाबा हाताने मलबा उपसत राहिले. ठेकेदारही उपसत होता. काका जिवंत होते. छातीपासून वर धुळीशिवाय काही नव्हतं. खाली, म्हणजे कमरेखाली, मी तेव्हा बघितलं नाही. डॉक्टरांनी एक पाय गुडघ्याच्या वर काढला. दुसरा आहे, पण नुसता आहे. खिशातल्या मशीनचा भुगा झाला होता.

ठेकेदार भिंतीला टेकून उकिडवा बसला होता आणि येईल त्याला एकच सांगत होता, "भाईसाब ने ख़ुद बोला, खाली ऐ. मैंने पूछा, उन्होंने बोला." खोटं काहीच बोलत नव्हता बिचारा.

गल्लीला मात्र चौथऱ्यावरचं वाक्य आठवलं. किसी एक के सिर पे ही गिरेगा. कोणी तोंडावर काही म्हणालं नाही. आंटी आईला म्हणाल्या, "ग़ुस्से में आदमी से हो जाता है, बहन." आई घरात येऊन म्हणाली, "ती माझं सांत्वन करत होती की काय करत होती?"

पोलीस चौकशीला आले ते आमच्या हॉलमध्येच बसले. मी शेजारी उभी होते.

"आपने बोला कि नहीं बोला?"

"बोला," बाबा म्हणाले.

"क्या बोला?"

"खाली है, बोला. पर मराठी में बोला."

"मराठी में खाली को क्या कहते हैं?"

"रिकामं."

"तो आपने रिकामं बोला?"

"नहीं साहब. खाली बोला."

"तो वही तो लिख रहा हूँ मैं."

बाबांनी माझ्याकडे बघितलं. मी सांगितलं, समजावलं, मराठीत खाली म्हणजे नीचे. त्यांनी विचारलं, घरात कोणती भाषा बोलता? मी म्हणाले, मराठी. ते हसले नाहीत, पण म्हणाले, "मैं आधे घंटे से बैठा हूँ, आपके पापा ने आपसे एक बार भी पूरी मराठी नहीं बोली." खरं होतं. "बेटा पानी लाओ, आणि वो पंखा ज़रा वाढव." ही आमची मराठी. शेवटी ते म्हणाले, जखमी माणसाला शुद्ध आली की त्यांनाच विचारू. त्यांना भावाबद्दल तक्रार असेल तर बघू, नसेल तर नाही.

म्हणजे सगळं काकांवर आलं. आणि काकांनी तर काही ऐकलंच नव्हतं. मशीन खिशात होतं.

ताई पुण्याहून आली. मला वाटलं ताईला तर समजवावंच लागणार नाही, पुण्यात खाली म्हणजे खाली. तिने मला वॉर्डच्या बाहेर कोपऱ्यात नेलं. "मला एक सांग. ठेकेदाराने विचारलेलं मोठ्या काकांना ऐकू आलं होतं का?"

"ते आईला उत्तर देत होते, ताई."

"ते मी विचारत नाहीये. ऐकू आलं होतं का?"

"माहीत नाही."

"तू तिथेच होतीस ना?"

"हो."

"तरी माहीत नाही." असं म्हणून ती आत गेली.

काका शुद्धीत आल्यावर गल्लीतल्या कोणीतरी त्यांना भेटायला जाऊन, कागदावर मोठ्या अक्षरांत लिहून सांगून टाकलं होतं की भाऊच खाली है म्हणाला. मी गेले तेव्हा काका छताकडे बघत होते. नवं मशीन अजून आलं नव्हतं. ओरडून सांगावं तर पूर्ण वॉर्ड ऐकणार. मग मला जे येतं ते मी केलं. एक्स-रेच्या पाकिटाच्या मागे सेक्शन काढलं.

भराभर काढलं. उतार, पुढची गल्ली, मागची गल्ली. स्वयंपाकघर, तिथे ठेकेदार. जिना, तिथे बाबा, पाठमोरे. दारात आई. आईकडून बाबांकडे बाण, त्यावर लिहिलं, भाऊजी कुठेत. ठेकेदाराकडून बाण, मध्ये भिंत, घणांचे आवाज म्हणून वेड्यावाकड्या रेघा. बाबांच्या तोंडातून निघालेला बाण आईकडे. तो मी गडद केला, दोनदा गिरवला. मला खरंच वाटत होतं की चित्र बरोबर आलं तर सगळं बरोबर येईल. की ते बघतील, आणि त्यांना दिसेल की उत्तर कुठल्या बाजूला गेलं.

काकांनी पाकीट हातात घेतलं. बराच वेळ बघितलं, मास्तर बघतात तसं, आधी लांबून, मग जवळून. म्हणाले, "छान काढलंस. उतार बरोबर आलाय."

मग खालच्या खोलीवर बोट ठेवलं. ती मी रिकामीच ठेवली होती.

"माणूस कुठेय?" ते म्हणाले.

पेन माझ्या हातात होतं. मी तिथे माणूस काढू शकले नाही. उभा काढायचा, आडवा काढायचा, माझ्याच्याने काही झालंच नाही. त्यांनी पाकीट उशीशेजारी ठेवलं आणि डोळे मिटले.

पोलिसांनी दुसऱ्या दिवशी कागदावर लिहून विचारलं, तेव्हा त्यांनी सांगितलं, "घर का मामला है. किसी से शिकायत नहीं." बाबा वॉर्डच्या दारात होते, त्यांनी ऐकलं. आत जाऊन काकांच्या पलंगाशेजारी उभे राहिले. काकांनी त्यांच्याकडे बघितलं नाही असं नाही. बघितलं. जसं आपण स्टेशनवर समोरच्या माणसाकडे बघतो. बाबांनी तिथेच स्टुलावर बसून, ऐकू येत नाही हे माहीत असताना, हळू आवाजात सांगितलं, "अरे, मी तिला सांगत होतो. तुझ्या वहिनीला. ती विचारत होती." काकांनी पाणी मागितलं. माझ्याकडे.

मग ताई त्यांना पुण्याला घेऊन गेली. आमच्याकडे राहा असं आई म्हणाली होती, दोनदा म्हणाली. ताई म्हणाली, "मोठी आई, तिथे लिफ्ट आहे."

भिंत झाली. एकदम सीधी, ओळंब्यात. पलीकडे टाइल्स लागल्या, आमची वरची खोली आता त्यांची आहे, रात्रंदिवस कोणीतरी तिथे चालतं आणि आम्हाला ऐकू येतं, इतकं काही अजून जोडलेलं राहिलंच आहे. खालची खोली भरली. झरोका आईने बंद करायला सांगितला, तिथे आता सिमेंटचा चौकोन आहे. स्वयंपाकघरातली अर्धी फरशी नवी आहे, आई त्या बाजूला उभी राहत नाही, तिथे तिने धान्याच्या कोठ्या ठेवल्यात. थीसिसमध्ये मी दुसरंच घर घेतलं. सरांनी विचारलं नाही. त्यांनी ऐकलं असावं.

आणि बाबांनी तो शब्द सोडला. ठरवून नाही, मला नाही वाटत. पण आता ते म्हणतात, "चप्पल नीचे आहे," "मी नीचे जाऊन येतो." मराठी वाक्य असतं, मध्ये नीचे. आई पण तेच म्हणायला लागली. माझ्या तोंडून एकदा आपसूक निघालं, गॅसची टाकी खालीये, आणि बाबा ताटावरून उठले, हात धुवायला गेले, जेवण अर्धंच होतं.

रविवारी ते पुण्याला फोन लावतात. स्पीकरवर, आम्ही सगळे बसतो. काकांना नवं मशीन मिळालंय, चांगलं आहे म्हणे, फोनवरचंही ऐकू येतं. आजपर्यंत एकदाही काका फोनवर आलेले नाहीत. ताई उचलते, हवापाणी विचारते, डॉक्टरांचं सांगते. मग बाबा म्हणतात, "ज़रा त्याला दे ना." आणि ताई दर वेळी म्हणते, "बाबा खाली आहेत, मोठे काका. सोसायटीच्या बागेत. कामाला ठेवलेला मुलगा व्हीलचेअर घेऊन जातो ना, येतीलच." कधी ते सकाळ असते, कधी भर दुपार. असतीलही खाली. पुण्यात लू नसते.

बाबा पहिल्या एक-दोनदा नुसतं अच्छा म्हणाले. मागच्या रविवारी त्यांनी लगेच फोन ठेवला नाही. ताईला वाटलं लाइन कटली, ती हॅलो-हॅलो करायला लागली.

मग बाबांनी विचारलं, "खाली, म्हणजे... नीचे ना?"

ताई म्हणाली, "हो, मोठे काका. नीचे."

"अच्छा," बाबा म्हणाले, आणि फोन माझ्या हातात दिला.